एकच ऑपरेशन, सर्जनच्या क्लेमवर एक कोड आणि हॉस्पिटलच्या क्लेमवर दुसरा: हे ठरतं कशावरून?

नोंदवही

नमस्कार. अमेरिकेतल्या मेडिकल बिलिंगमधल्या प्रोसिजर कोडबद्दल तीन प्रश्न आहेत. निदानाचे कोड, म्हणजे आयसीडी-१०-सीएम, बऱ्यापैकी हाताखालून गेले आहेत. प्रोसिजरच्या बाजूला आलं की गोंधळ होतो.

१. दुर्बिणीतून पित्ताशय काढलं. सर्जनच्या क्लेमवर (विम्याकडे पाठवलेल्या बिलावर) सीपीटी (डॉक्टरी सेवांचे पाच अंकी कोड) ४७५६२ गेला आणि हॉस्पिटलच्या क्लेमवर ०-एफ-टी-४-४-झेड-झेड. दुसऱ्या एका पेशंटचं हेच ऑपरेशन झालं, तो त्याच संध्याकाळी घरी गेला, तर हॉस्पिटलच्या क्लेमवरही ४७५६२च होता. हे विमा कंपनीवर अवलंबून असतं, हॉस्पिटलवर की ऑपरेशनवर?

२. दुर्बिणीने सुरू केलेलं ऑपरेशन चिकटलेल्या आतड्यांमुळे पोट उघडून पूर्ण करावं लागलं, तर दोन्ही कोड लावायचे का?

३. कोलोनोस्कोपीच्या क्लेमवर डॉक्टरांच्या बाजूने ४५३८५ आणि ४५३८० पाठवले. ४५३८० सीओ-९७ (दुसऱ्या सेवेच्या पैशातच धरलेला) लागून नाकारला गेला. ५९ हा मॉडिफायर (कोडला जोडायचा दोन अक्षरी शेरा) लावून पुन्हा क्लेम पाठवला तर डुप्लिकेट म्हणून परत आला. रिपोर्टमध्ये लिहिलं आहे: असेंडिंग कोलनमधला ८ मिमीचा पॉलिप (आतड्याच्या अस्तरावरची गाठ) स्नेअरने (तारेच्या फासाने) काढला, सिग्मॉइडमधला ३ मिमीचा पॉलिप कोल्ड बायॉप्सी फोर्सेप्सने (चिमट्याने) काढला. पेशंट मेडिकेअरचा (मुख्यतः ज्येष्ठांसाठीचा सरकारी विमा), स्क्रीनिंगसाठी आलेला. चूक कुठे झाली?

दोन_खिडक्या

पहिल्या प्रश्नाचं घेतो, कारण ते पक्कं झालं की दुसरा अर्धा सुटतो.

कोणती कोडपद्धत लागणार हे ऑपरेशनवरून ठरत नाही. बिल कोण पाठवतंय आणि पेशंटचा दर्जा काय आहे, या दोन गोष्टी बघायच्या.

सर्जन, भूलतज्ज्ञ, रेडिऑलॉजिस्ट यांचं बिल कायम सीपीटी आणि एचसीपीसीएसमध्येच (औषधं, साहित्य वगैरेंचे कोड) जातं. पेशंट इनपेशंट (रीतसर दाखल) असो, आउटपेशंट (दाखल न झालेला) असो, आयसीयूत असो, काही फरक पडत नाही. तुमच्या पहिल्या पेशंटच्या बाबतीत भूलतज्ज्ञाचा स्वतःचा ००७९० हा कोड वेगळ्या क्लेमवर गेला असणार. हॉस्पिटलचं बिल मात्र दोन प्रकारे जातं. आउटपेशंट असेल तर सीपीटी, इनपेशंट असेल तर आयसीडी-१०-पीसीएस, म्हणजे सात अक्षरी प्रोसिजर कोड; तुमचा ०-एफ-टी-४-४-झेड-झेड त्यातलाच. पीसीएसला याखेरीज दुसरी जागाच नाही. हे कुणाच्या मर्जीवर सोडलेलं नाही. हिपा या आरोग्य विम्याच्या केंद्रीय कायद्याखाली २००० साली जे कोड सेटचे नियम निघाले त्यांनीच ही वाटणी केली. तेव्हा इनपेशंट प्रोसिजरसाठी आयसीडी-९-सीएमचा तिसरा खंड होता, १ ऑक्टोबर २०१५ पासून त्या जागी पीसीएस आला.

क्लेमवर हे कुठे दिसतं ते सांगतो, म्हणजे पुढच्या वेळी नुसता फॉर्म बघून कळेल.

डॉक्टरांचा क्लेम म्हणजे सीएमएस-१५००, इलेक्ट्रॉनिक असेल तर ८३७पी. रकाना २१ मध्ये निदानाचे जास्तीत जास्त १२ कोड, २४डी मध्ये सीपीटी आणि चार मॉडिफायरपर्यंत जागा, २४ई मध्ये त्या ओळीसाठी २१ मधली कोणती निदानं लागू आहेत त्यांची अक्षरं (चारपर्यंत), २४जी मध्ये युनिट, २४बी मध्ये जागेचा कोड.

हॉस्पिटलचा क्लेम म्हणजे यूबी-०४, इलेक्ट्रॉनिक ८३७आय. इथे आधी रकाना ४ मधला बिलाचा प्रकार बघा. १११ असेल तर इनपेशंट, १३१ असेल तर आउटपेशंट. १११ वर मुख्य प्रोसिजर रकाना ७४ मध्ये पीसीएसने, तारखेसह. १३१ वर रकाना ४२ मध्ये रेव्हेन्यू कोड (ऑपरेशन थिएटरसाठी ०३६०) आणि त्याच ओळीवर रकाना ४४ मध्ये सीपीटी. तुमचे दोन पेशंट बहुधा या एकाच फरकामुळे वेगळे दिसले.

आता सगळ्यात जास्त चूक होते ती जागा. पेशंटने हॉस्पिटलमध्ये किती रात्री काढल्या यावरून तो इनपेशंट ठरत नाही. चार्टमध्ये डॉक्टरांची इनपेशंट ॲडमिशनची ऑर्डर हवी. ऑब्झर्व्हेशनमध्ये (दाखल न करता निरीक्षणाखाली) रात्रभर ठेवलेला पेशंट आउटपेशंटच राहतो. मेडिकेअरमध्ये २०१३ पासून दोन मध्यरात्रींचा नियम आहे: मुक्काम दोन मध्यरात्री ओलांडेल अशी डॉक्टरांची रास्त अपेक्षा असेल, तर इनपेशंट ॲडमिशन सहसा मान्य होतं. ती अपेक्षा कशामुळे होती हे नोंदीत दिसायला हवं.

एक अवघड प्रसंग असा येतो: सोमवारी दुपारी आउटपेशंट म्हणून पित्ताशय काढलं, रात्री रक्तस्राव झाला, मंगळवारी सकाळी ॲडमिशनची ऑर्डर पडली. मेडिकेअरच्या तीन दिवसांच्या नियमानुसार त्याच हॉस्पिटलची ॲडमिशनच्या आधीच्या तीन दिवसांतली संबंधित आउटपेशंट सेवा इनपेशंट क्लेममध्ये विलीन होते. त्यामुळे सोमवारचं ऑपरेशन १११ च्या क्लेमवर पीसीएसने जाईल, पण तारीख सोमवारचीच राहील. सर्जनचा ४७५६२ मात्र जसाच्या तसा.

पैशाची गणितंही वेगळी आहेत. डॉक्टरांना प्रत्येक कोडचे आरव्हीयू (सेवेचे वजनांक: काम, प्रॅक्टिसचा खर्च, मालप्रॅक्टिस), त्या भागाचा जीपीसीआय (स्थानिक खर्चाचा गुणक) आणि वर्षाचा कन्व्हर्जन फॅक्टर (वजनांकाचे डॉलर करणारा आकडा) यांच्या गुणाकाराने मिळतात. ही पद्धत १९९२ पासूनची. इनपेशंट हॉस्पिटलला एमएस-डीआरजीप्रमाणे (निदान आणि प्रोसिजरवरून ठरणारे गट) अख्ख्या मुक्कामाची एक रक्कम. आउटपेशंट हॉस्पिटलला एपीसीप्रमाणे (आउटपेशंट सेवांचे गट). म्हणून सर्जनच्या क्लेमवर जागेचा कोड चुकणं महागात पडतं. ऑपरेशन हॉस्पिटलमध्ये झालं आणि २१ (इनपेशंट) किंवा २२ (आउटपेशंट) ऐवजी ११ (क्लिनिक) पडला, तर प्रॅक्टिसच्या खर्चाचा मोठा, क्लिनिकसाठीचा आकडा लागतो. ज्या खोलीचा, नर्सचा, साहित्याचा खर्च हॉस्पिटलने केला, तो डॉक्टरांनाही मिळतो. ऑडिटमध्ये ही वसुली हमखास निघते.

तक्ता_०एफटी

दुसरा प्रश्न माझ्या आवडीचा आहे, कारण इथे दोन पद्धती सरळ उलटी उत्तरं देतात.

सर्जनचा क्लेम: फक्त उघड्या शस्त्रक्रियेचा कोड, ४७६००. दुर्बिणीचा ४७५६२ सोबत लावायचा नाही. एनसीसीआयचं (कोणते कोड एकत्र लावायचे नाहीत ते ठरवणारे मेडिकेअरचे नियम) धोरण याबाबत स्पष्ट आहे: दुर्बिणीचा प्रयत्न उघड्या शस्त्रक्रियेत बदलला की शेवटी जी झाली तीच धरायची. निदानांमध्ये झेड५३.३१ जोडा, तो नेमका याचसाठी आहे.

हॉस्पिटलचा इनपेशंट क्लेम: इथे दोन कोड. पीसीएसच्या मार्गदर्शक सूचना बी३.२डी मध्ये हेच उदाहरण दिलेलं आहे. उघडून काढलेल्या पित्ताशयासाठी ०-एफ-टी-४-०-झेड-झेड, आणि दुर्बिणीने जितकं पाहिलं त्यासाठी इन्स्पेक्शन, ०-एफ-जे-४-४-झेड-झेड. एरवी ऑपरेशन करताना केलेली पाहणी वेगळी कोड करायची नसते. अप्रोच (अवयवापर्यंत पोहोचायचा मार्ग) बदलला की मात्र ती करायची.

अक्षरं सुटी करून बघा, मग पाठ करावं लागत नाही. पहिलं ० म्हणजे मेडिकल-सर्जिकल विभाग. एफ म्हणजे यकृत, पित्तमार्ग आणि स्वादुपिंड. टी म्हणजे रिसेक्शन हे रूट ऑपरेशन. चौथं ४ म्हणजे पित्ताशय. पाचवं अक्षर अप्रोच: ० उघडून, ३ त्वचेतून सुईने, ४ दुर्बिणीतून, ७ नैसर्गिक मार्गाने, ८ नैसर्गिक मार्गाने एंडोस्कोपने, एक्स बाहेरून. सहावं उपकरण, सातवं क्वालिफायर, दोन्ही ठिकाणी झेड म्हणजे काही नाही. दुर्बिणीच्या कोडमध्ये दोन ४ शेजारी आले तरी एक अवयव आहे आणि दुसरा अप्रोच. एकाच अक्षराचा अर्थ जागेप्रमाणे बदलतो. ० आणि १ शी गल्लत होऊ नये म्हणून ओ आणि आय ही अक्षरं पद्धतीतच नाहीत.

कोड नेहमी तक्त्यातून बांधायचा. पहिली तीन अक्षरं अनुक्रमणिकेतून मिळाली की त्या तक्त्यावर जायचं आणि उरलेली चार एकाच आडव्या ओळीतून घ्यायची. वरच्या ओळीतला अवयव आणि खालच्या ओळीतला अप्रोच जोडला, तर असा कोड अस्तित्वातच नसतो आणि क्लेम दारातच अडतो.

पाचव्या अक्षराला एवढं महत्त्व का, तर डीआरजी त्यावर हलतो. पित्तनलिकेची तपासणी नसेल तर दुर्बिणीचं पित्ताशय ४१७ ते ४१९ मध्ये पडतं आणि उघडं ४१४ ते ४१६ मध्ये. त्या तिघांतला कोणता, हे मोठी गुंतागुंत, साधी गुंतागुंत की काहीच नाही यावर. त्यामुळे ऑप नोट वाचताना नुसतं शीर्षक वाचून थांबू नका. शीर्षकात लॅप्रोस्कोपिक लिहिलेलं असतं आणि चौथ्या परिच्छेदात उजव्या बरगडीखाली छेद घेतलेला असतो.

याच्या उलट फसगतही होते. दुर्बिणीने सगळं मोकळं करून झालं आणि अवयव बाहेर काढण्यापुरतं बेंबीजवळचं छिद्र वाढवलं, तर ते कन्व्हर्जन (उघड्या शस्त्रक्रियेत बदल) नाही. सूचना बी५.२बी प्रमाणे अप्रोच ४ च राहतो. नोटमध्ये छेद वाढवला एवढे शब्द दिसले की घाईने ० लावला जातो आणि डीआरजी चुकतो. छेद कशासाठी वाढवला ते बघा: आत काम करायला की नमुना बाहेर काढायला?

रिसेक्शनबद्दलही सांगून ठेवते. पीसीएसमध्ये संपूर्ण अवयव गेला तर रिसेक्शन (टी), काही भाग गेला तर एक्सिजन (बी). सर्जनने नोटमध्ये सबटोटल कोलेसिस्टेक्टॉमी (पित्ताशय अर्धवट काढणं) लिहिलं आणि पित्ताशयाची मागची भिंत यकृताला तशीच ठेवली, तर तो बी आहे, ०-एफ-बी-४-४-झेड-झेड. सर्जनने पीसीएसचे शब्द वापरावेत अशी अपेक्षा नसते; त्याने केलेल्या वर्णनाचं पीसीएसच्या व्याख्येशी जुळवून घेणं ही कोडरची जबाबदारी, हे सूचना ए११ मध्येच आहे. वर्णनच अपुरं असेल तेव्हा मात्र अंदाज न बांधता सर्जनला क्वेरी (लेखी विचारणा) पाठवायची.

एडिट_वाचक

तिसरा प्रश्न. कोडची निवड बरोबर आहे, पाठवण्यात चुकलं.

कोलोनोस्कोपीत कोड ठरतो तो कोणत्या साधनाने काढलं त्यावर. पॉलिपचा आकार किंवा संख्या यांवर नाही. बायॉप्सी फोर्सेप्सने घेतलं किंवा काढलं तर ४५३८०, हॉट फोर्सेप्सने ४५३८४, स्नेअरने ४५३८५. स्नेअर गरम होता की थंड याने फरक पडत नाही, कोल्ड स्नेअरही ४५३८५च. तीन पॉलिप तिन्ही स्नेअरने काढले तरी ४५३८५ एकदाच, युनिट १. नुसत्या पाहणीचा ४५३७८ या सगळ्यांत धरलेलाच असतो, तो सोबत कधीच जात नाही.

आता ४५३८५ आणि ४५३८० ही एनसीसीआयची जोडी आहे. ४५३८५ पहिल्या स्तंभात, ४५३८० दुसऱ्यात, मॉडिफायर इंडिकेटर १. हा इंडिकेटर आधी बघायची सवय लावा. ० असेल तर कोणताही मॉडिफायर लावून जोडी सुटत नाही. १ असेल तर योग्य कारण असताना सुटते. ९ म्हणजे ती जोडी रद्द झालेली. तक्ते दर तिमाहीला बदलतात, जानेवारी, एप्रिल, जुलै, ऑक्टोबर. सेवेच्या तारखेला जो लागू होता तोच उघडायचा.

योग्य कारण म्हणजे वेगळा पॉलिप. त्याच पॉलिपची आधी बायॉप्सी घेतली आणि मग तोच स्नेअरने काढला, तर फक्त ४५३८५. तुमच्या रिपोर्टमध्ये जागा वेगळी, साधन वेगळं, दोन्ही स्पष्ट आहे. ४५३८० वर ५९ टिकतो. रिपोर्टमध्ये नुसतं "पॉलिप काढले, बायॉप्सी घेतल्या" एवढंच असतं, तर ५९ लावायला आधार नव्हता.

डुप्लिकेट का झालं? मेडिकेअरने मूळ क्लेमवर निर्णय दिलेला होता. त्यावर तोच पेशंट, तीच तारीख, तेच कोड घेऊन नवा क्लेम गेला. खासगी विमा कंपनीकडे दुरुस्त क्लेम रकाना २२ मध्ये ७ (आधीचा क्लेम बदलण्याची खूण) आणि मूळ क्लेमचा क्रमांक टाकून जातो. मेडिकेअर पार्ट बी डॉक्टरांच्या क्लेमवर हा ७ स्वीकारत नाही. तिथे तुमच्या मॅककडे (मेडिकेअरचे क्लेम हाताळणारी कंपनी) रीओपनिंग (दिलेला निर्णय पुन्हा उघडणं) मागायचं, फोनवरून किंवा पोर्टलवरून. मॉडिफायर राहून जाणं ही सहसा कारकुनी चूक धरली जाते. मुदत मूळ निर्णयापासून एक वर्ष. मॅकने या एडिटसाठी रीओपनिंग नाकारलं तर कोलोनोस्कोपीचा रिपोर्ट जोडून रिडिटरमिनेशन (अपिलाचा पहिला टप्पा), त्याची मुदत १२० दिवस. म्हणून वर्ष आहे असं समजून बसून राहू नका, १२० दिवसांचाच हिशोब ठेवा. परताव्याच्या कागदावर एमए१३० हा शेरा असेल तरच क्लेम प्रक्रियेलाच घेतला गेलेला नाही असा अर्थ, आणि तेव्हा मात्र सरळ नवा क्लेम पाठवायचा.

स्क्रीनिंगचं तुम्ही शेवटी लिहिलंत, पण पेशंटच्या खिशाला तेच जास्त लागतं. स्क्रीनिंगला आला आणि पॉलिप निघाला म्हणून स्क्रीनिंग संपत नाही. मेडिकेअरसाठी दोन्ही ओळींवर पीटी मॉडिफायर हवा. खासगी विम्यासाठी त्याच जागी ३३. पहिलं निदान झेड१२.११, त्यानंतर जे सापडलं ते: पॅथॉलॉजीत अडेनोमा आला तर असेंडिंगसाठी डी१२.२, सिग्मॉइडसाठी डी१२.५, हायपरप्लास्टिक असेल तर के६३.५. पीटी राहिला तर वजावट (विमा लागू होण्याआधी पेशंटने भरायची रक्कम) आणि पूर्ण सहभाग रक्कम (बिलातला त्याचा टक्क्यांचा हिस्सा) पेशंटच्या माथी जाते. पीटी असला की वजावट लागत नाही आणि सहभाग २०२३ ते २०२६ मध्ये १५ टक्के, २०२७ ते २०२९ मध्ये १० टक्के, २०३० पासून शून्य. रीओपनिंग करताना ५९ सोबत पीटीही दुरुस्त करून घ्या.

पैसे आल्यावर ४५३८० चे फारच कमी मिळाले म्हणून पुन्हा अपील करू नका. एकाच मूळ कोडच्या गटातल्या एंडोस्कोपींना वेगळा नियम आहे: सगळ्यात जास्त दराच्या कोडचे पूर्ण, दुसऱ्याचे फक्त मूळ ४५३७८ पेक्षा जितके जास्त तितकेच. समजा ४५३७८ चे १००, ४५३८० चे १२० आणि ४५३८५ चे १५० असते, तर मिळणार १५० अधिक २०.

स्तंभ_दोन

एडिट_वाचक यांच्याशी सहमत, फक्त ५९ ऐवजी मी एक्सएस लावला असता. २०१५ पासून एक्सई, एक्सएस, एक्सपी, एक्सयू हे चार आहेत: वेगळी भेट, वेगळा अवयव किंवा जागा, वेगळा डॉक्टर, आणि नेहमीच्या सेवेत न मोडणारी वेगळी सेवा. कारण नेमकं सांगता येत असताना ५९ सारखा सरसकट मॉडिफायर कशाला? पुढे कुणी चार्ट मागितला तर एक्सएस वाचूनच काय शोधायचं ते कळतं.

एडिट_वाचक

मेडिकेअरला एक्सएस चालतो, दोन्ही मान्य आहेत. माझा आक्षेप व्यवहारातला आहे. एक्स गटातले मॉडिफायर न ओळखणाऱ्या खासगी कंपन्या आहेत, तिथे ओळ पुन्हा अडकते. कंपनीचं लेखी धोरण बघून ठरवावं. दोन्ही एकाच ओळीवर लावू नयेत, एवढं मात्र नक्की. आणि २०१९ च्या जुलैपासून मेडिकेअर हा मॉडिफायर जोडीतल्या कोणत्याही स्तंभाच्या कोडवर स्वीकारतं. त्याआधी तो दुसऱ्या स्तंभातल्या कोडवरच लागायचा. जुन्या तारखांचे क्लेम हाताळताना हे लक्षात ठेवा.

नोंदवही

सगळ्यांचे मनापासून आभार. १११ आणि १३१ चा फरक माहीतच नव्हता. दोन गोष्टी राहिल्या. पेशंट २९ सप्टेंबरला दाखल आणि ३ ऑक्टोबरला घरी गेला, तर कोणत्या वर्षाची पुस्तकं उघडायची? आणि औषधांच्या, 'जे' या अक्षराने सुरू होणाऱ्या कोडमध्ये युनिट कसे मोजायचे? सेफ्ट्रायॅक्सोन १ ग्रॅम दिलं, जे०६९६ ला युनिट १ टाकलं, पैसे फार कमी आले.

मात्रा_आणि_युनिट

तारखेचं आधी. हॉस्पिटलच्या इनपेशंट क्लेमला डिस्चार्जची तारीख चालते. ३ ऑक्टोबर असेल तर १ ऑक्टोबरपासून लागू झालेला नवा आयसीडी-१०-सीएम आणि पीसीएस, ऑपरेशन ३० सप्टेंबरला झालेलं असलं तरी. त्याच पेशंटच्या सर्जनच्या क्लेमला सेवेची तारीख चालते, म्हणजे निदानाचे कोड जुन्या वर्षाचे. सीपीटीचं वर्ष १ जानेवारीला बदलतं, त्यामुळे सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सीमेवर सीपीटीला काही होत नाही. आयसीडीत १ एप्रिललाही थोडे बदल येतात, तेही तपासत जा.

जे कोडमध्ये युनिट म्हणजे कुपी नाही आणि इंजेक्शनही नाही. कोडच्या वर्णनात जितकी मात्रा लिहिली आहे तितकी म्हणजे एक युनिट. जे०६९६ चं वर्णन दर २५० मिग्रॅ असं आहे, म्हणून १ ग्रॅमला ४ युनिट. तुम्हाला पाव हिस्सा मिळाला. केटोरोलॅक जे१८८५ दर १५ मिग्रॅ, म्हणजे ३० मिग्रॅला २. ट्रायॅम्सिनोलोन जे३३०१ दर १० मिग्रॅ, म्हणजे ४० मिग्रॅला ४. उलट चूक जास्त धोक्याची: ट्रायॅम्सिनोलोनला कुणी ४० मिग्रॅ म्हणून ४० युनिट टाकतं, आणि ते निसटलं तर दहापट पैसे येतात जे परत करावे लागतात.

सोबत आणखी तीन गोष्टी तपासा. स्नायूत इंजेक्शन दिलं असेल तर इंजेक्शन देण्याचा ९६३७२ वेगळा लागतो, आणि त्याच भेटीत स्वतंत्र तपासणी झाली असेल तर तपासणीच्या कोडवर २५ हा मॉडिफायर. एकाच पेशंटसाठीची कुपी उघडली आणि उरलेलं औषध टाकून दिलं, तर मेडिकेअरसाठी टाकलेली मात्रा वेगळ्या ओळीवर जेडब्ल्यू हा मॉडिफायर लावून. काहीच टाकलं नसेल तर जेझेड, जो १ जुलै २०२३ पासून सक्तीचा आहे. अनेक पेशंटसाठीच्या कुपीला हे दोन्ही लागू नाहीत. एनडीसी (औषधाचा राष्ट्रीय क्रमांक) मागितला असेल तर तो ११ अंकी, ५-४-२ अशा मांडणीत, एन४ पुढे लावून २४ च्या रंगीत पट्ट्यात जातो. खोक्यावर १० अंकी छापलेला असतो. ज्या गटात अंक कमी आहे त्याच गटाच्या सुरुवातीला शून्य घालायचं, सरसकट सगळ्यात पुढे नाही. मांडणी ४-४-२ असेल तर पहिल्या गटात, ५-३-२ असेल तर मधल्या, ५-४-१ असेल तर शेवटच्या.

वेळेवर मोजल्या जाणाऱ्या कोडचं युनिट वेगळं. फिजिओथेरपीत ९७११० (व्यायाम) आणि ९७१४० (हाताने केलेले उपचार) हे १५ मिनिटांचे कोड. मेडिकेअरमध्ये सगळी मिनिटं आधी एकत्र करायची: ८ ते २२ ला १ युनिट, २३ ते ३७ ला २, ३८ ते ५२ ला ३. व्यायाम ३३ मिनिटं आणि हाताने केलेले उपचार ७ मिनिटं झाले, तर एकूण ४०, म्हणून ३ युनिट. ९७११० ला २ आणि ९७१४० ला १. नुसतं ७ मिनिटांकडे बघितलं तर ते आठाच्या खाली म्हणून सोडून दिलं जातं आणि एक युनिट बुडतं. मिनिटं नोंदीत लिहिलेली हवीत, सेवेनुसार आणि एकूणही.

युनिट बरोबर असूनही ओळ अडली तर एमयूईची (एका कोडला जास्तीत जास्त किती युनिट मान्य होतात त्याची) मर्यादा बघा. त्याच तक्त्यात एमएआय नावाचा आकडा असतो. १ म्हणजे मर्यादा एका ओळीपुरती, योग्य मॉडिफायर असेल तर दुसऱ्या ओळीवर उरलेले युनिट जातात. २ म्हणजे त्या दिवसाची पक्की मर्यादा, ती ओलांडता येत नाही; उदाहरणार्थ एकच पित्ताशय असताना ४७५६२ दोनदा होणं शक्य नाही. ३ म्हणजे दिवसाची मर्यादा, पण वैद्यकीय कारण कागदोपत्री असेल तर अपिलात जास्त युनिट मान्य होऊ शकतात. तुमच्या सेफ्ट्रायॅक्सोनच्या क्लेमवरही निर्णय झालेला असणार, तेव्हा ४ युनिटचा नवा क्लेम पाठवू नका. वर सांगितलेलं रीओपनिंगच करा, आणि औषधाची मात्रा, वेळ, दिलेली जागा असलेली नर्सची नोंद हाताशी ठेवा.